मोठ्या आकड्याचा मासा ठेवू की लहान आकड्याचा? (पोकेमॉन गो : सीपी, आयव्ही आणि हिशेब)

ओटीवरची

डॉक्टरांनी रोज पाच किलोमीटर चालायला सांगितलं. तलावपाळीला गोल गोल फिरून जीव विटला, तेव्हा भाच्यानं फोनमध्ये पोकेमॉन गो घालून दिलं, म्हणजे बाहेर फिरून पोकेमॉन नावाचे प्राणी पकडायचा खेळ. त्याला आता दीड वर्ष झालं. साखर आटोक्यात आहे, पण डोक्याला वेगळाच भुंगा लागलाय.

मी ३१ वर्षं खतावण्या लिहिल्या. आकडा दिसला की तो कुठून आला हे कळल्याशिवाय मला चैन पडत नाही. आणि या खेळात नेमकं तेच कोणी सांगत नाही.

तर प्रश्न असा. मॅजिकार्प या माशाच्या ४०० कँडी (त्याला वाढवायला लागणारा खाऊ) एकदाच्या साठल्या. आता एकाला इव्हॉल्व्ह करून ग्याराडोस, म्हणजे त्याचं पुढचं मोठं रूप, करायचा आहे. उमेदवार दोन (सीपी म्हणजे लढायची ताकद, एचपी म्हणजे जीव, आणि पॉवर अप म्हणजे स्टारडस्ट, या खेळातला पैसा, मोजून ताकद वाढवणं):

मोठा – सीपी १७२, एचपी ६३, पॉवर अपला ५००० स्टारडस्ट मागतो.
लहान – सीपी १५३, एचपी ५९, पॉवर अपला २५०० मागतो.

भाचा (आठवीत आहे) म्हणतो लहान घे, मोठा कचरा आहे. का, विचारलं तर म्हणे, "मावशी, आत आयव्ही असतं." अरे, आत असतं तर दिसत का नाही? गेल्या महिन्यात त्याचं न ऐकता मी मोठ्या आकड्याचे सगळे ठेवले आणि लहान आकड्याचे प्रोफेसरला पाठवून दिले, म्हणजे कायमचे घालवले. बाळ दोन दिवस माझ्याशी बोललं नाही.

दोन्ही मासे पकडले तसेच आहेत, एकदाही पॉवर अप केलेले नाहीत. कागद-पेन्सिल घेऊन हा हिशेब करता येतो का?

बाष्कळ

शीर्षकात मासा वाचून पाककृती समजून आलो. कोकमं परत डब्यात ठेवतो.

टपरी_क्र_७

ताई, मासा उघडा, खाली उजव्या कोपऱ्यातला मेनू दाबा, त्यात अप्रेज, म्हणजे पारख, आहे. तीन पट्ट्या दिसतील: अटॅक, डिफेन्स, एचपी. प्रत्येक पट्टी १५ ची. ज्याच्या भरलेल्या जास्त, तो ठेवा. धागा संपला.

ओटीवरची

शेवटचं वाक्य वाचलं नाहीत वाटतं. उत्तर नकोय हो, रीत हवीय. पट्टी दाखवते किती ते. का ते कुठे दाखवते?

वर्गमूळ

वा ताई, असा प्रश्न विचारणारं माणूस वर्गात कधी भेटलं नाही. सविस्तर लिहितो.

प्रत्येक पोकेमॉनला जातीचे तीन मूळ आकडे असतात: अटॅक, डिफेन्स, स्टॅमिना. जात तीच तर आकडे तेच, मग तो ठाण्याचा असो की टोकियोचा. त्यावर प्रत्येक नगाला जन्मतःच तीन गुप्त आकडे मिळतात, प्रत्येकी ० ते १५. यालाच आयव्ही म्हणतात. म्हणजे १६ × १६ × १६ = ४०९६ प्रकारचे मॅजिकार्प संभवतात. तिसरी गोष्ट म्हणजे लेव्हल. तीही खेळ आकड्यात दाखवत नाही, पण प्रत्येक लेव्हलला एक ठरलेला गुणक आहे. लेव्हल १ ला ०.०९४, २० ला ०.५९७४, ३० ला ०.७३१७, ४० ला ०.७९०३, ५० ला ०.८४०३.

आता सीपी:

(अटॅक + गुप्त) × √(डिफेन्स + गुप्त) × √(स्टॅमिना + गुप्त) × गुणक × गुणक ÷ १०

गुणक दोनदा येतो, हे विसरू नका. येईल त्यातला अपूर्णांक सोडून द्यायचा. एचपी सोपा आहे: (स्टॅमिना + गुप्त) × गुणक, इथेही अपूर्णांक सोडायचा.

तुम्ही नशीबवान, कारण मॅजिकार्पचे मूळ आकडे २९, ८५, ८५ आहेत. सर्वोत्तम नगाला तिन्हीकडे १५ मिळाले की होतात ४४, १०० आणि १००. शंभराचं वर्गमूळ १०, दोन्हीकडे. म्हणजे ४४ × १० × १० = ४४००, भागिले १० = ४४०. लेव्हल ४० ला ४४० × ०.७९०३ × ०.७९०३ = २७४.८, म्हणून सीपी २७४. सगळीकडे शून्य असलेला घेतला तरी वर्गमूळ काढावं लागत नाही: २९ × ८५. हा मासा बनवणाऱ्याला गणिताच्या शिक्षकांची दया आली असावी.

खडीसाखर

शाळेत वर्गमूळ 'आयुष्यात कुठे उपयोगी पडणार' असं विचारल्याबद्दल पट्टी खाल्ली होती. आज पंचवीस वर्षांनी उत्तर मिळालं. मॅजिकार्प!

निम्मा_पगार

सर, गडबड आहे. ताईंचा लहान मासा लेव्हल २० चा धरला, अटॅक ४३ आणि बाकी शंभर-शंभर धरले तर माझ्याकडे २५६.९ येतंय. ताई १५३ म्हणतायत.

वर्गमूळ

'दोनदा येतो' लिहिलंय, ठळक करायला हवं होतं. २५६.९ ला पुन्हा एकदा ०.५९७४ नं गुणा.

निम्मा_पगार

१५३. प्रकाटाआ (प्रतिसाद काढून टाकला आहे) करायचा होता, पण आता सगळ्यांनी वाचलंय. राहू दे.

जुना_खेळाडू

तुम्ही लोक सुखी आहात. पट्ट्या २०१९ मध्ये आल्या. त्याआधी टीमचा पुढारी येऊन गोलगोल वाक्यं बोलायचा. तीन टीम, तीन पुढारी, प्रत्येकाची वाक्यं वेगळी, आणि त्यावरून अंदाज बांधायचा की बेरीज अमुक ते अमुकच्या मध्ये असेल. स्थळाकडून 'कळवतो' असा निरोप आला की आपण कसा अर्थ काढतो, तसं.

२०१६ चा जुलै आठवतो. परदेशात खेळ आला, आपल्याकडे नाही. आम्ही कुठून कुठून फाइल उतरवून फोनमध्ये घातली आणि भर पावसात प्लॅस्टिकच्या पिशवीत फोन धरून फिरलो. भारतात अधिकृतपणे आला डिसेंबरमध्ये, जिओबरोबर. तोवर निम्म्या लोकांचा उत्साह संपला होता. त्या काळात आयव्ही काढायला वेबसाइट होत्या. सीपी, एचपी आणि स्टारडस्ट भरायचं, की ती शक्यतांची यादी द्यायची. यादी लांब आली तर एकदा पॉवर अप करायचं, नवे आकडे भरायचे, यादी आखूड व्हायची. माझं किती स्टारडस्ट नुसतं 'तपासणी'त गेलं याचा हिशेब ताईंनीही करू नये.

दूरदेशी

थोडं थंड पाणी ओततो. आयव्हीचं एवढं स्तोम कशाला?

म्यूटू नावाचा बलाढ्य पोकेमॉन घ्या. मूळ आकडे ३००, १८२, २१४. लेव्हल ४० ला सर्वोत्तम म्यूटूचा सीपी ४१७८, आणि तिन्ही शून्य असलेल्याचा ३६९७. फरक दिसायला मोठा. पण अटॅक बघा: ३१५ विरुद्ध ३००, म्हणजे ५ टक्के. त्यात खेळ प्रत्येक फटक्याचं नुकसान पूर्णांकात धरतो, अपूर्णांक जातो. त्यामुळे कित्येकदा १४ आणि १५ अटॅकचे दोघे समोरच्याला सारखंच मारतात. रेडमध्ये (अनेकांनी मिळून एका मोठ्या पोकेमॉनशी लढायचं) पाच जण असाल तर कोणाचा कुठला होता हे कोणाला कळतही नाही.

लेव्हल आणि योग्य मूव्ह (लढायचे डाव) आधी, आयव्ही शेवटी. नाहीतर मुलगा-मुलगी एकमेकांना पसंत आणि घरचे मात्र ३६ पैकी गुण मोजत बसलेत.

खडीसाखर

इथे ४५ पैकी मोजतात. ० ते २२ आले तर अप्रेजमध्ये एकही तारा नाही. म्हणजे मंगळच.

पाणकोंबडी

दूरदेशी, रेडपुरतं सहमत. बॅटल लीगपुरतं (खेळाडूंचे एकमेकांशी सामने) अजिबात नाही. पण ते नंतर लिहिते, आधी ताईंचे मासे होऊ द्या.

वर्गमूळ

तर मोठा मासा. ५००० स्टारडस्ट मागतो म्हणजे लेव्हल २९ ते ३०.५. पण रानात सापडणारे नेहमी पूर्ण लेव्हलचेच असतात, अर्धी लेव्हल पॉवर अप केल्यावरच येते. ताई म्हणतात हात लावलेला नाही. म्हणजे २९ किंवा ३०.

३० धरा. एचपी ६३, म्हणजे स्टॅमिना × ०.७३१७ हे ६३ आणि ६४ च्या मध्ये हवं. भागून बघा: ८६.१ ते ८७.५. त्यात पूर्णांक एकच, ८७. मूळ ८५, म्हणून गुप्त २. लेव्हल २९ असेल (गुणक ०.७१९४) तर ८८, गुप्त ३.

स्टॅमिना हाती आला की उरतात अटॅक आणि डिफेन्स, आणि सीपी १७२ बसला पाहिजे. लेव्हल ३० ला बसणाऱ्या जोड्या: ८ व २, ७ व ७, ६ व १२. लेव्हल २९ ला: ९ व २, ८ व ७, ७ व १२. सहाच.

बेरीज (स्टॅमिनासकट) सगळ्यात कमी १२, सगळ्यात जास्त २२. २३ पासून एक तारा मिळतो. म्हणजे कुठली का शक्यता खरी असेना, ताई, तुमचा मोठा मासा बिनताऱ्याचाच.

भाचा बरोबर आहे.

ओटीवरची

हे मी त्याला आत्ताच सांगणार नाही.

टपरी_क्र_७

मोठा पावसात पकडलेला असेल हो. पावसात पाण्यातले पोकेमॉन जोरात असतात, म्हणून सीपी मोठा.

वर्गमूळ

खेळातल्या हवामानाचा फायदा मिळाला की लेव्हल ५ नं वाढते, हे बरोबर. पण त्याबरोबर प्रत्येक गुप्त आकडा किमान ४ असतो. आपल्याकडे स्टॅमिना २ किंवा ३ निघतोय. म्हणजे तो पावसातला असूच शकत नाही.

ओटीवरची

अगदी बरोबर! मोठा मे महिन्यात गुहागरला माहेरी पकडलेला, भर उन्हात, समुद्रावर. लहान मात्र पावसातलाच, तलावपाळीला. तुम्ही घरात बसून माझं माहेर ओळखलंत की.

आता लहान मी स्वतः करते. कोणी सांगू नका.

बाष्कळ

परीक्षा सुरू आहे. कृपया धाग्यावर शांतता राखा.

दूरदेशी

तोवर अवांतर. हे ० ते १५ नवं नाही. १९९६ साली जपानमध्ये पहिले खेळ आले, त्यातही गुप्त आकडे ० ते १५ च होते. गंमत म्हणजे एचपीचा गुप्त आकडा स्वतंत्र नव्हताच. बाकीच्या चारांचे सम-विषम बघून तो ठरायचा. तिसऱ्या पिढीपासून कमाल ३१ झाली. मोबाइलवाल्यांनी पुन्हा १५ वर आणली. आम्ही वहीत तक्ते करायचो. आई म्हणायची, एवढा अभ्यास केला असतास तर.

खडीसाखर

तरी परदेशात गेलातच ना. मग काय बिघडलं?

ओटीवरची

झालं. पानभर कागद लागला.

२५०० म्हणजे लेव्हल १९ ते २०.५ (ही कोष्टकं भाच्याकडून घेतली, कशाला ते सांगितलं नाही). पूर्ण लेव्हल म्हणजे १९ किंवा २०. एचपी ५९. लेव्हल १९ चा गुणक ०.५८२३. ५९ भागिले ०.५८२३ म्हणजे १०१ च्या वर. पण मॅजिकार्पचा स्टॅमिना १०० च्या वर जातच नाही! म्हणून १९ बाद. लेव्हल २० नक्की.

लेव्हल २० ला ५९ ÷ ०.५९७४ = ९८.७६, ६० ÷ ०.५९७४ = १००.४. म्हणजे ९९ किंवा १००. मी १०० धरला, म्हणजे गुप्त १५. मग सीपी १५३ बसतो तो:

अटॅक १४, डिफेन्स १५
अटॅक १५, डिफेन्स ११
अटॅक १५, डिफेन्स १०

खात्री करून घेतली. १४-१५-१५ चा हिशेब तर तोंडी होतो: ४३ × १०० ÷ १० = ४३०, गुणक दोनदा, १५३.४६.

वर्गमूळ

ताई, शंभरपैकी नव्वद. ९९ ची बाजू सोडलीत. तिथे आणखी दोन बसतात: १५-१२-१४ आणि १५-११-१४ (अटॅक-डिफेन्स-स्टॅमिना या क्रमानं). एकूण पाच. पण निकाल बदलत नाही. पाचांची बेरीज ४०, ४१ किंवा ४४. सगळ्या तीन ताऱ्यांच्या. आणि एकातही ४ पेक्षा कमी काही नाही, म्हणजे तुमच्या पावसाशीही जुळतंय.

ओटीवरची

दहा मार्क कापलेत ते बरोबरच. एक बाजू तपासायची राहिली की ताळेबंद जुळूनही चुकलेला असतो.

निम्मा_पगार

मग ठरलं, लहान. ४०० कँडी ओता.

दूरदेशी

थांबा. इथेच तर माझा मुद्दा येतो.

इव्हॉल्व्ह केल्यावर लेव्हल आणि गुप्त आकडे तेच राहतात, फक्त जातीचे मूळ आकडे बदलतात. ग्याराडोसचे आहेत २३७, १८६, २१६. मोठा मासा आज इव्हॉल्व्ह केला तर सीपी २५८३ ते २७०२ च्या दरम्यान येईल. लहान केला तर १९१३ ते १९३०. म्हणजे आज, या क्षणी, 'कचरा' सातशेनं पुढे आहे.

लहानाला लेव्हल ३० ला न्यायचं तर स्टारडस्ट लागेल: २५०० चे दोन, मग ३०००, ३५००, ४०००, ४५०० चे प्रत्येकी चार, शेवटी ५००० चे दोन. बेरीज ७५,०००. कँडी वेगळी. एवढं घालून सीपी होणार फार तर २८९५. ७५,००० खर्चून दोन-तीनशेचा फायदा. खतावणी लिहिणाऱ्या बाईंना हा व्यवहार पटतो का?

ओटीवरची

अगंबाई.

पाणकोंबडी

पटत नाही, पण कारण वेगळं. दूरदेशी, तुम्ही मोठ्याला ३० वर थांबवलंत. ताई पुढची दहा वर्षं चालणार आहेत. कधीतरी ४० ला नेतीलच. लेव्हल २० ते ४० चा खर्च २,२५,०००, त्यातले १,५०,००० नुसते ३० च्या पुढचे. ते दोघांनाही सारखेच लागणार. एवढा पैसा शेवटी कोणावर घालायचा? बिनताऱ्याच्या घरावर दुसरा मजला चढवत नाहीत.

वर्गमूळ

एक तांत्रिक भर. ३० नंतर मजला चढवणं मुळात महाग पडतं. सीपी गुणकाच्या वर्गावर अवलंबून आहे. २० ते ३० मध्ये तो वर्ग ०.३५७ वरून ०.५३५ होतो, म्हणजे ०.१७८ नं वाढतो. ३० ते ४० मध्ये ०.५३५ वरून ०.६२५, फक्त ०.०८९. बरोबर निम्मा. आणि खर्च मात्र दुप्पट. म्हणून बरेच जण एकेका जातीचे सहा-सहा नग ३० ला नेऊन ठेवतात आणि थांबतात.

निम्मा_पगार

वाढ निम्मी, खर्च दुप्पट. माझ्या आयडीचा उगम आज सगळ्यांना कळला.

टपरी_क्र_७

लेव्हल २०, लेव्हल ३०, दीड लाख... लोक चालायला बाहेर पडतात आणि जमाखर्च घेऊन परत येतात. आमच्या शिवाजी पार्कात एक काका तर चालतच नाहीत. कट्ट्यावर बसून चार फोनवर रेड मारतात. त्यांच्या डॉक्टरांचं काय म्हणणं आहे कोणास ठाऊक.

पाणकोंबडी

आता मी राखून ठेवलेलं लिहिते, कारण इथे बरेच जण 'शून्य दिसला की पाठव प्रोफेसरला' करतात आणि मग रडतात.

बॅटल लीगमध्ये ग्रेट लीगला १५०० सीपीची मर्यादा असते, अल्ट्राला २५००. मर्यादा असली की गणित उलटं होतं. वर्गमूळ सरांचं सूत्र पुन्हा बघा: अटॅक पूर्ण मोजला जातो, डिफेन्स आणि स्टॅमिना वर्गमुळातून. म्हणजे सीपीच्या दृष्टीनं अटॅक महाग, बाकी दोन स्वस्त. तुमच्याकडे १५०० रुपयेच आहेत, तर महागाची वस्तू कमी घ्यायची आणि स्वस्ताची जास्त.

ॲझुमरिल हा पोकेमॉन घ्या, मूळ आकडे ११२, १५२, २२५. भाचा ज्याला 'हंड्रेड' म्हणेल तो १५-१५-१५ वाला लेव्हल ३६ ला १४९७ होतो आणि तिथेच अडकतो. ०-१५-१५ वाला ४५.५ पर्यंत चढतो आणि १४९९ होतो. दोघांची तुलना करा. हंड्रेडचा एचपी १८४, दुसऱ्याचा १९६. डिफेन्स १२८ विरुद्ध जवळपास १३७. अटॅक तेवढा ९७ विरुद्ध ९२. बाराचा एचपी म्हणजे कधीकधी आणखी एक फटका मारायची उसंत, आणि सामना तिथेच फिरतो. ४० च्या पुढे एक्सएल कँडी (वेगळी, मिळायला अवघड) लागते, ते दुखणं निराळं.

सांगायचं काय, तर पट्टीवर अटॅक रिकामा आणि बाकी दोन लालभडक दिसले की तो नग लगेच बाजूला ठेवा. मी एक असा पाठवून दिला होता. आजही चालताना मध्येच आठवतो.

जुना_खेळाडू

+१. अदलाबदलीचंही लक्षात ठेवा. ट्रेड केलं की गुप्त आकडे नव्यानं पडतात. ट्रेड होताना नशिबानं 'लकी' झाला तर प्रत्येक आकडा किमान १२. म्हणजे तिन्ही १५ यायची शक्यता ६४ त एक. रेडमध्ये किमान १०, शक्यता २१६ त एक. पावसात १७२८ त एक, कोरड्या रानात ४०९६ त एक. ताई, तो बिनताऱ्याचा मोठा मासा फेकू नका. भाच्याला ट्रेड करून टाका. त्याच्या हातात पडेपर्यंत तो वेगळाच झालेला असेल.

खडीसाखर

मुलगा सासरी गेला की सुधारतो, हे आमच्याकडे अजून कोणी पाहिलेलं नाही.

बाष्कळ

धाग्याचा विषय काय होता? मी मधे जेवून आलो.

निम्मा_पगार

मासा. काय जेवलात?

बाष्कळ

पिठलं.

वर्गमूळ

मूळ प्रश्नाकडे. लहानाच्या पाच शक्यता उरल्यात. अप्रेजचं बटण न दाबता ती कोणती हे ठरवायचा एक मार्ग आहे: इव्हॉल्व्ह. ग्याराडोसचे मूळ आकडे मोठे आहेत, त्यामुळे मॅजिकार्पमध्ये १५३ मध्ये लपलेले फरक तिथे उघडे पडतात. मी पाचही काढून ठेवलेत:

१५-१०-१५ असेल तर १९१३
१५-११-१४ असेल तर १९१४
१५-११-१५ असेल तर १९१८
१५-१२-१४ असेल तर १९१९
१४-१५-१५ असेल तर १९३०

या पाचांच्या बाहेरचा आकडा आला तर मी सगळ्यांना वडापाव देतो. एचपी पाचही वेळा १३७ च येणार, त्यामुळे त्यावर पैज नाही.

टपरी_क्र_७

बटण दाबलं की दोन सेकंदांत कळतं हो! दोन सेकंदांत!

ओटीवरची

टपरी, तुम्ही जत्रेत पाळण्यात न बसता तिकीट फाडून परत येता का?

दूरदेशींचा ७५,००० चा मुद्दा रात्रभर डोक्यात होता. माझ्याकडे स्टारडस्ट किती ते बघितलं: ४,१२,०००. दीड वर्षात खर्चच केलेलं नाही, नुसतं साठवलं. सवय. मग ठरवलं, लहान. भाचा शनिवारी येतोय. त्याच्यासमोर करीन.

दूरदेशी

चार लाख आहेत तर माझा विरोध मागे घेतो. मी तुम्हाला माझ्यासारखा कंगाल समजून हिशेब करत होतो.

पाणकोंबडी

शनिवारी निकाल लिहायला विसरू नका. किती वाजता बसणार तेही सांगा.

ओटीवरची

निकाल.

शनिवारी सकाळी तलावपाळीलाच बसलो. आधी भाच्याला कागद दाखवला. तो म्हणाला, "मावशी, एवढं कशाला, अप्रेज दाब की." तुमच्या टपरीचा कोणी नातेवाईक असावा. मग त्यालाही पाच आकडे लिहून दिले आणि एकावर बोट ठेवायला सांगितलं. त्यानं १९१८ निवडला, मी १९३०.

इव्हॉल्व्ह दाबलं. तो मासा वर काय उठतो, प्रकाश काय पडतो, शेजारच्या बाकावरचे आजोबाही डोकावले.

सीपी १९३०. एचपी १३७.

मग अप्रेज केलं. डिफेन्स आणि एचपीची पट्टी लाल, अटॅकला एक घर कमी. १४-१५-१५. मोठ्याचंही करून बघितलं: ८-२-२. तो आता भाच्याकडे ट्रेड होऊन गेलाय, आणि तिथे जाऊन ११-६-१३ झालाय. जुना_खेळाडू, म्हणजे थोडा सुधारला म्हणायचा.

भाचा कागद घेऊन गेला. शाळेत दाखवतो म्हणाला. निम्म्या वाटेवरून फोन करून विचारतो, "मावशी, गुणक दोनदा का येतो?"

वर्गमूळ

अटॅक, डिफेन्स, स्टॅमिना या तिघांनाही लढताना गुणक लागू होतो. सूत्रात अटॅक पूर्ण, म्हणून त्याचा गुणक एकदा. बाकी दोघांचे वर्गमुळात, म्हणून अर्धा-अर्धा, मिळून एकदा. एकूण दोन. त्याला सांगा, प्रश्न चांगला आहे.

निम्मा_पगार

म्हणजे वडापाव नाही.

जुना_खेळाडू

पैजच तशी होती. सरांनी पाचही दारं धरून ठेवली होती.

नवा_पाहुणा

नमस्कार, या धाग्यावर पहिल्यांदाच लिहितोय. माझ्याकडे पिकाचू आहे, सीपी ४०१. चांगला आहे का?

ओटीवरची

नमस्कार. एचपी किती, पॉवर अपला स्टारडस्ट किती मागतो, आणि पकडला तेव्हा खेळात पाऊस होता का, ते लिहा. मूळ आकडे ११२, ९६, १११. कागद घेऊन बसा.